साक्षीदार मिळाला नाही

१९७४ साली माझ्या दारासमोर तातेरावला चौघांनी मारलं. त्याचा पाय कायमचा अधू झाला. साक्षीदार मिळत नाही म्हणून प्रकरण बंद करावं, असं पोलिसांनी कोर्टाला लिहिलं. मॅजिस्ट्रेटनी ते मानलं नाही, फेरतपासाचा हुकूम दिला.

त्या दिवशी तातेरावची बायको सत्यशीला वाटूर फाट्यावर एसटीतून उतरून थेट माझ्याकडे आली.

"गुरुजी, सायबानं जमादाराला लई झापलं! म्हणले, समोर मास्तर राह्यतेत, त्यान्ला काहून इचारलं न्हाई? जमादार बिलकुल बोलला न्हाई, मान खाली घालून हुबा!"

जमादार पहिल्याच दिवशी विचारायला आला होता. माझं नाव कागदावर घेऊ नका म्हणून मीच त्याला हात जोडले होते.