शेवटच्या पत्रातल्या चार ओळी

फाशी गेलेल्या एका क्रांतिकारकाची तुरुंगातली पत्रं पुस्तकासाठी टाइप करणं, ही माझी नोकरी. त्याच्या शेवटच्या पत्रातल्या चार ओळी तेव्हाच्या जेलरने काळ्या शाईने खोडल्या होत्या. त्या ओळी त्याच्या मुलीसाठी होत्या. मुलगी आता नव्वदीची. आम्ही त्यांना आजी म्हणतो. त्या रोज फोन करून विचारतात, "लागल्या का रे ओळी? मला काही फार दिवस नाहीत."

मंगळवारी खास दिव्याखाली ओळी दिसल्या. मी टाइप केल्या. छापून काढल्या, तर नेमक्या त्या चार ओळींवर काळे पट्टे. प्रिंटर बदलला. पट्टे तिथेच, आणि ओले.

"साहेब, तो जेलर वारलाय ना?" मी संपादकांना विचारलं.

"कधीच. पेन्शनसुद्धा बंद झाली, म्हणजे नक्की."

ओळी मला पाठ झाल्या होत्या. म्हणून सरळ आजींच्या घरी गेलो आणि समोर बसून चारही म्हणून दाखवल्या.

आजी कानामागे हात धरून वाट बघत राहिल्या. "बोल ना."

"बोललो की, आजी."

त्यांनी रुमाल पुढे केला. "आधी तोंड पूस, बाळा. शाई ओघळतेय."