उशीखालचं घड्याळ

गुन्हेगारी टोळ्यांवरचं माझं पुस्तक बाजारात आलं आणि आठव्या दिवशी, ज्या टोळीप्रमुखावर ते लिहिलं तो म्हातारा स्वतःच माझ्या दारात उभा राहिला. त्याला सगळे काका म्हणत. दार दिसेल अशी खुर्ची निवडून तो बसला. बायकोनं दोघांसाठी पाणी आणलं, तर त्यानं आपला पेला माझ्यापुढे सरकवला आणि माझा स्वतः घेतला. मग खूण घातलेलं पान उघडलं.

"फरार होण्याआधी मी झोपलेल्या आईच्या उशीखाली माझं घड्याळ ठेवलं, असं लिहिलंय तुम्ही. अगदी खरं आहे. पण तेव्हा खोलीत फक्त माझा धाकटा भाऊ जागा होता. त्यानंच सांगितलं ना तुम्हाला?"

त्याच्या भावाला मी आयुष्यात कधी भेटलो नव्हतो. ते प्रकरण फारच कोरडं वाटत होतं, म्हणून घड्याळाचा प्रसंग मी मनानंच रचला होता. मुखपृष्ठावर मात्र 'शब्दन् शब्द खरा' असं ठळक छापून घेतलं होतं.

"आईशपथ काका, ते मी मनानं लिहिलंय. मला कुणीच काही सांगितलं नाही," मी हात जोडून म्हणालो. "हवं तर भावालाच विचारा."

म्हाताऱ्यानं पुस्तक मिटलं.

 

"विचारलं होतं. तोही शेवटपर्यंत हेच सांगत होता."