बाळीचा बापूस

"हौसामावशी, तुझ्या नवऱ्याचं नाव काय गो?"

राहीने विचारलं आणि मागे तिच्या मैत्रिणी पारू नि जनी हसून एकमेकींच्या अंगावर कोसळल्या. पैजच होती तशी. मुरबाडच्या भर बाजारात विचारायचं. नाय विचारलं तर राही भित्री.

पत्रावळी मांडून बसलेली हौसा वर बघेना. तिच्या मांडीशी टेकलेली बाळी मात्र आईच्या तोंडाकडे बघत राहिली.

गोष्ट तालुकाभर झाली होती. नवऱ्याने दुसरी आणून हौसाला घराबाहेर काढलं, म्हणून तिने पोटगी मागितली. नवरा कोर्टात म्हणाला, ही माझी कोणीच नव्हे. नव्याने आलेल्या न्यायाधीश साहेबाने तिला नवऱ्याचं नाव विचारलं, तर हौसा "बाळीचा बापूस" म्हणाली आणि पुढे गप्प. ठाण्याच्या एका साप्ताहिकाला कोर्टाच्या बातम्या धाडायचे राहीचे वडील, बापू. ते शाळेत मास्तर. त्या दिवशी त्यांचे डोळे आलेले, म्हणून बातमी राहीने लिहिली आणि शेवटी फटाका लावला: 'पोटगी मागणाऱ्या बाईला नवऱ्याचं नावच आठवेना!' ते ऐकून बापूंनी मांडीवर थाप मारली होती. तेव्हापासून राही दोन बोटं वरूनच चालत होती.

"आठवत नाय व्हय मला?" पानाला काडी टोचत हौसा म्हणाली. "नाव घेतलं की धन्याचं आयुष्य सरतं. कसा असला तरी पोरीचा बाप हाय."

"पण मावशी, त्याने तर तुला..."

"त्यानं काढलं, म्हनून मी त्याला मारू?" काडी मोडली. "देवजी नि नवसू साक्षीला येनार होते. माझ्या लग्नात जेवलेले. पेपरात आल्यापासून येत नाय म्हनतात. लोक हसतात. पुढल्या तारखेला कोन उभा राहील माझ्यासाठी? मास्तर एवढे शिकलेले, त्यांना आमची रीत ठावं नसंल गो?"

रीत राहीला ठाऊक होती. लिहितानाही ठाऊक होती.

"सांग की, कुनी लिवलं ते!" जनी मागून खिदळली.

राहीने तोंड उघडलं. स्वतःचं नाव काही तिला घेता येईना.

घरी बापू पाटावर बसले होते, आई भाकरी थापत होती.

"आई, बापूंचं नाव काय?"

आईचा हात पिठात थांबला. पदर पुढे ओढून ती लाजून हसली. "चल, चावट!"

"आणि कोर्टात विचारलं तर?"

आईचं हसू मावळलं. बापूंनी तोंडाशी नेलेला तांब्या खाली ठेवला.

"पुढच्या अंकात हेच लिहिणार आहे मी," राही म्हणाली. "हौसामावशी का गप्प राहिली ते. आणि तिला आठवेना हे मी खोटं लिहिलं, तेही. बापू, खाली माझं नाव घालणार."