साहेबांचे पाय

"ओंडके दिसताहेत, दगड दिसताहेत. खेळणी कुठे आहेत?" तपासणीला आलेल्या साहेबांनी बालवाडीच्या अंगणात उभं राहून विचारलं.

सुतारमामांनी जवळच्या ओंडक्यावरून हात फिरवला. वादळात पडलेल्या झाडाचा एकेक ओंडका त्यांनी स्वतः रंधा मारून गुळगुळीत केला होता. एका तरी पोराच्या बोटात कुसळ जाईल तर शपथ!

"हीच खेळणी, साहेब."

साहेबांनी छापील तक्ता पुढे धरला. "घसरगुंडी, झोपाळा, सी-सॉ. यात ओंडका कुठे बसतो, दाखवा."

एरवी मामांच्या तोंडाला कुणी लागत नसे, पण छापील कागद दिसला की त्यांची दातखीळ बसायची. आज साहेबांची मंजुरी मिळाली नाही, तर उद्या ट्रक येऊन सगळं उचलून नेणार होता. बाईंनी सकाळीच तसं सांगितलं होतं.

शेरा लिहायचा म्हणजे बूड टेकायला हवं. साहेब सगळ्यात मोठ्या ओंडक्यावर बसले, तक्ता मांडीवर घेतला आणि पेनाचं टोपण काढलं.

"पाय वर! पाय वर!" एक चिमुरडी किंचाळली. "पाण्यात मगर आहे!"

साहेबांनी झटकन दोन्ही पाय वर घेतले. मांडीवरचा तक्ता उडून लांब मातीत पडला.

बाईंनी कसंबसं हसू दाबलं. मामांनी मनातल्या मनात हात जोडले. आता साहेब भडकणार, आणि आपली दोन महिन्यांची मेहनत पाण्यात!

साहेबांनी खाली वाकून पाहिलं. माती होती आणि थोडा पालापाचोळा. आता पाय खाली सोडायला काहीच हरकत नव्हती. पण ते काही सुटेनात.

"मोठी आहे का गं?" त्यांनी हळूच विचारलं.

"खूप! काल तिने बाईंना खाल्लं."

"दोनदा," बाई म्हणाल्या.

साहेबांनी गंभीरपणे मान हलवली. मामांना हसावं की रडावं कळेना. ते दोन पावलं पुढे सरले आणि मातीतला तक्ता त्यांनी उचलला.

"आणा इकडे, मंजुरीची सही करून टाकतो," साहेब म्हणाले, आणि मामांनी पाऊल उचललं तसे एकदम ओरडले, "अहो मामा, पाण्यातून काय येताय? दगडांवरून या!"