भाविकाचं मत

फार्महाऊसच्या फाटकाबाहेर उभा असलेला धनेश आधी आक्काला दिसला.

फूट पडू नये म्हणून केसरीनाथ पाटलांनी आपल्या बाजूचे सगळे सदस्य मंगळवारपासून वज्रेश्वरीला आणून ठेवले होते. फोनही काढून घेतले होते. आज दुपारी भिवंडीत पंचायत समितीच्या सभापतीची निवड होती, त्यात केसरीनाथ स्वतः उभे होते, आणि दारात उभा होता तो विरोधी उमेदवाराचा, हरेश्वर म्हात्र्यांचा मुलगा.

"माज्या भावानं बगितलं तर तंगडी तोडंल तुजी," आक्का म्हणाली. मग तिनं भाचीकडे पाहिलं. भाविका केसरीनाथांची मुलगी. सदस्य तीही होती. कालपासून ती नीट जेवली नव्हती.

"चाय उकलंपर्यंत बोला," म्हणून आक्का आत गेली.

धनेश घाईनं म्हणाला, "पप्पा बोलतात, तिचं एक मत आण, पुढच्याच महिन्यात लग्न लावतो."

"मग? मागायला आलास?"

"न्हाय. देऊ नको, हे सांगायला आलो. बापाला पाडून तू माझ्याकडं आलीस, तर मला जन्मभर तुझ्याकडं बघवणार न्हाय."

 फाटकाच्या गजांतून हात घालून भाविकानं त्याची दुमडलेली कॉलर सरळ केली.

दुपारी हात वर करून मतदान झालं. भाविकानं बापासाठी हात वर केला आणि केसरीनाथ एका मतानं सभापती झाले. बाहेर गुलाल उडाला. म्हात्र्यांची माणसं मुकाट्यानं गाड्यांकडे निघाली.

भाविका गर्दीतून वाट काढत बापासमोर आली.

"बाबा, माझं मत मिळालं तर धनेशशी लग्न लावून देतो, असं म्हात्र्यांनी त्याला सांगितलं होतं. तो सकाळी येऊन मला बोलला, मत बाबांनाच दे."

केसरीनाथांचं हसू मावळलं. "हे इथं बोलायचं?"

"घरात तुम्ही त्याचं नाव काढू देत न्हाय."

केसरीनाथांनी डोळ्यांत गेलेला गुलाल रुमालानं पुसला. पुसायला बराच वेळ लागला. मग ते सरळ म्हात्र्यांच्या माणसांत शिरले.  हरेश्वर पुढे आले, पण केसरीनाथांनी त्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. ते धनेशसमोर थांबले.

"जेवलास?"

"न्हाय."

"गाडीत बस. घरी मटन केलंय."

मागच्या सीटवर आक्कानं भाविकाला एका खिडकीशी बसवलं, धनेशला दुसऱ्या, आणि मधे स्वतः ऐसपैस बसली.