याचिकेतली अकरा नावं

"मॅडम, याचिकेत नाव घाला. कोर्ट मागणाऱ्यालाच देतं," असं राजरत्न सरांनी दारात उभं राहून बजावलं होतं. वैशाली तेव्हा बाळंतपणाच्या रजेवर होती. मांडीवरच्या लेकीला थोपटत तिनं ते हसण्यावारी नेलं. "तुम्ही जिंका हो सर, मग पीएच.डी.च्या वेतनवाढी सगळ्याच प्राध्यापकांना मिळतील."

चार वर्षांनी निकाल लागला. वेतनवाढी मिळाल्या, पण फक्त अकरा याचिकाकर्त्यांना. परळच्या त्यांच्या कॉलेजात पेढे वाटले जात होते आणि वैशाली निकालपत्रातली नावं पुन्हा पुन्हा वाचत होती. तिचं नाव नव्हतंच. पण सरांचंही नव्हतं! प्रत्येक तारखेला फायली घेऊन कोर्टात तेच तर जात होते.

तिनं फोन लावला.

"माझी पीएच.डी. मॅनेजमेंटच्या परवानगीशिवायची," सर म्हणाले. "वकील म्हणाले, तुमच्यामुळे सगळ्यांचंच अडेल. मग काढलं नाव."

"बाकीच्यांना माहितीये?"

"अकराही जणांना. जाऊ दे, खाऊ दे त्यांना पेढे. तुम्ही तुमचे कागद काढून ठेवा, नवीन याचिका टाकू."

त्यानंतर सर कॉलेजात आलेले नाहीत. फोनची रिंग जाते, पण ते उचलत नाहीत. स्टाफरूममध्ये विचारलं, तर सगळे खाली बघत म्हणतात, दमले असतील. लेक तापानं फणफणलीय, वैशालीला घर सोडता येत नाही. तुम्ही घोडपदेवच्या बाजूला राहत असाल, तर सरांचं दार एकदा वाजवून बघाल का?