वीराची राई

युनोस्तोसवर एका बाईनं खोटा आळ घेतला आणि त्यात त्याचा जीव गेला. म्हणून आमचं तानाग्रा गाव त्याला वीर मानून पूजतं आणि त्याच्या राईत बायकांना पाऊल टाकू देत नाही. बाई शिरली की वीर कोपतो.

"राईत जाऊन येतो," म्हणत माझा नवरा फिडोन रोज घराबाहेर पडायचा. जिथे बाईच नाही, तिथे जाण्यावर मी कशाला जळू? पण भर उन्हाळ्यात हा परत यायचा तो नखांत ओली माती घेऊन. अशी माती गावात एकीकडेच, मिर्तो कुंभारणीकडे.

काल धरणी हादरली. "कोण बाई शिरली राईत?" म्हाताऱ्यांनी भर चौकात विचारलं. सापडली तर तिला दगडांनी ठेचणार होते.

फिडोन पुढे झाला. "आजोबा, मी रोज दिवसभर तिथेच असतो. एकही बाई फिरकली नाही."

सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. मिर्तो पदराआड गालात हसली. ते हसू मला सोसवेना.

"खोटारडा!" मी ओरडले. "परवा सकाळपासून तिथे दबा धरून बसले होते मी. मेला फिरकलासुद्धा नाही!"